मायर शपिरो

मायर शपिरो (२३ सप्टेंबर १९०४ – ३ मार्च १९९६) हे लिथुएनियात जन्मलेले अमेरिकन कलेतिहासकार होते. पश्चिम युरोपातील मध्ययुगीन कला, विशेषतः अकराव्या व बाराव्या शतकांतील रोमनेस्क शिल्पकला, आणि एकोणिसाव्या व विसाव्या शतकांतील आधुनिक चित्रकला या दोन्ही क्षेत्रांत त्यांचे लेखन मूलभूत मानले जाते. न्यू यॉर्कमधील कोलंबिया विद्यापीठात १९२८ ते १९७३ या काळात त्यांनी अध्यापन केले.

मध्ययुग आणि आधुनिक काळ हे कलेतिहासात सहसा दोन वेगळ्या अभ्यासकांचे प्रांत समजले जातात. शपिरो यांच्या लेखनात मात्र ते एकाच प्रश्नाने जोडलेले आहेत. कलाकृती घडवणाऱ्या माणसाचा तिच्यात स्वतःचा असा वाटा किती असतो, हा तो प्रश्न होय. मध्ययुगीन कारागीर केवळ धर्मसंस्थेची आज्ञा दगडात उतरवीत असे आणि आधुनिक चित्रकार केवळ आकार व रंग यांच्याशी खेळतो, असे दोन समज विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात सुशिक्षित वाचकांत रूढ होते. या दोन्ही समजांना शपिरो यांनी पुराव्यांच्या आधारे आव्हान दिले.

जीवन

शपिरो यांचा जन्म तत्कालीन रशियन साम्राज्यातील शाउल्याइ या गावी एका ज्यू कुटुंबात झाला. वडील आधी अमेरिकेस गेले व १९०७ मध्ये कुटुंबही तिकडे स्थलांतरित झाले. न्यू यॉर्कच्या ब्रुकलिन भागातील ब्राउन्सव्हिल या कामगारवस्तीत त्यांचे बालपण गेले. तेथील एका ज्यू शिक्षणसंस्थेच्या सायंवर्गात चित्रकार जॉन स्लोन यांच्याकडे त्यांनी चित्रकलेचे धडे घेतले. चित्रे व रेखाटने काढण्याची सवय त्यांनी पुढे आयुष्यभर ठेवली. शिल्पासमोर बसून त्याचे रेखाटन करणे हा त्यांच्या अभ्यासपद्धतीचाच भाग होता. छायाचित्रात न जाणवणारी वळणे हाताला जाणवतात.

वयाच्या सोळाव्या वर्षी, १९२० मध्ये, शिष्यवृत्ती मिळवून ते कोलंबिया विद्यापीठात दाखल झाले. १९२४ मध्ये ते पदवीधर झाले. १९२६-२७ मध्ये त्यांनी युरोप व निकट पूर्वेचा दीर्घ अभ्यासदौरा केला. या प्रवासातील टिपणवह्या आणि लिलियन मिलग्रॅम यांना लिहिलेली पत्रे पुढे २००९ मध्ये ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाली. लिलियन या व्यवसायाने डॉक्टर होत्या. १९२८ मध्ये दोघांचा विवाह झाला. त्याच वर्षी शपिरो कोलंबियात शिकवू लागले. १९५२ मध्ये ते पूर्ण प्राध्यापक झाले आणि १९६५ मध्ये त्यांना विद्यापीठ-प्राध्यापक हा सर्वोच्च दर्जा देण्यात आला.

म्वासाकचा मठ

शपिरो यांचा पीएच.डी.चा प्रबंध (१९२९) नैर्ऋत्य फ्रान्समधील म्वासाक येथील बेनेडिक्टाइन मठाच्या शिल्पांवर आहे. त्याचा काही भाग १९३१ मध्ये ‘आर्ट बुलेटिन’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाला. या मठाच्या चौकाभोवती कमानींच्या ओवऱ्या असून त्यांच्या खांबांवर कोरीव स्तंभशीर्षे आहेत. चौक ११०० मध्ये पूर्ण झाल्याचा उल्लेख तेथीलच एका कोरीव लेखात आढळतो. त्यामुळे रोमनेस्क शिल्पाच्या कालनिश्चितीत म्वासाकला विशेष महत्त्व आहे. चौकाच्या कोपऱ्यांतील स्तंभांवर प्रेषितांच्या उभ्या आकृती आहेत. चर्चच्या दक्षिण प्रवेशद्वारावरील अर्धवर्तुळाकार शिल्पपटावर सिंहासनस्थ ख्रिस्त आणि त्याच्याभोवती चोवीस वडीलजन कोरलेले आहेत.

शपिरो यांच्यापूर्वीच्या अभ्यासकांनी अशा शिल्पांकडे प्रामुख्याने दोन दृष्टींनी पाहिले होते. कोणती शैली कोठून कोठे गेली याचा माग घेणे ही एक, आणि कोणता प्रसंग बायबलमधील कोणत्या वचनावर आधारलेला आहे हे शोधणे ही दुसरी. शपिरो यांनी आकृतीच्या घडणीकडेच लक्ष वळवले. प्रेषितांची शरीरे सपाट का आहेत, वस्त्रांच्या चुण्या समांतर रेषांत का बसवल्या आहेत, मुख एका दिशेला व पावले दुसऱ्या दिशेला का आहेत, हे प्रश्न त्यांनी एकेका शिल्पासंबंधी विचारले. शिल्पकाराला शरीररचना जमत नव्हती, हे जुने उत्तर त्यांना पुरेसे वाटले नाही. या ‘चुका’ पुन्हापुन्हा सारख्याच रीतीने होतात, परस्परांशी मेळ राखतात आणि त्यांतून एक ताणलेली, हालती रचना उभी राहते. म्हणून त्या अक्षमतेच्या खुणा ठरत नाहीत, असे त्यांचे प्रतिपादन होते. घनवादी चित्रे पाहिलेल्या पिढीलाच असे पाहणे शक्य झाले, हे येथे ध्यानात घेतले पाहिजे. निसर्गाचे हुबेहूब अनुकरण हा कलेचा एकमेव निकष नाही, हे आधुनिक चित्रकारांनी दाखवून दिले होते आणि त्या दृष्टीचा उपयोग शपिरो यांनी आठशे वर्षांपूर्वीच्या दगडावर केला.

सिलोस आणि सुयाक

१९३९ मध्ये प्रसिद्ध झालेले दोन निबंध शपिरो यांच्या मध्ययुगीन संशोधनाचा कळस समजले जातात. पहिला स्पेनमधील सांतो दोमिंगो दे सिलोस या मठावर आहे. या मठात बेआतुस नावाच्या भिक्षूच्या ‘प्रकटीकरण’-भाष्याची एक सचित्र प्रत तयार झाली. तिची संहिता १०९१ मध्ये आणि चित्रे ११०९ मध्ये पूर्ण झाली. ही प्रत आज लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत आहे. तिची बहुतेक चित्रे जुन्या मोझाराबिक शैलीत आहेत: गडद रंगांचे आडवे पट्टे, सपाट आकृती, खोलीचा पूर्ण अभाव. मठाच्या चौकातील उत्थित शिल्पे मात्र नव्या रोमनेस्क शैलीची आहेत. एकाच मठात, जवळजवळ एकाच काळी, या दोन शैली शेजारी शेजारी कशा नांदल्या, हे शपिरो यांना उलगडायचे होते.

उत्तर शोधताना ते शैलीच्या बाहेर गेले. स्पेनमधील ख्रिस्ती राज्ये त्या काळी दक्षिणेकडे विस्तारत होती व टोलेडो १०८५ मध्ये ख्रिस्ती राजाच्या हाती आले. १०८० च्या सुमारास स्थानिक मोझाराबिक उपासनाविधी बाजूला सारून रोमचा विधी लागू करण्यात आला. फ्रान्समधील क्लूनी मठाचा प्रभाव वाढत होता, यात्रामार्गांवर नगरे व बाजारपेठा उभ्या राहत होत्या. जुनी शैली मठाच्या बंदिस्त परंपरेशी व नवी शैली या बदलत्या जगाशी निगडित होती, असे शपिरो यांनी मांडले. पुरावा म्हणून त्यांनी चित्रांच्या व शिल्पांच्या कडेचे तपशील घेतले, आणि निबंधाचे खरे सामर्थ्य तेथेच आहे. संशयी थॉमस ख्रिस्ताच्या जखमेला बोट लावतो त्या शिल्पात, वरच्या कमानीपलीकडे शिंग फुंकणारे पुरुष आणि डफ वाजवणाऱ्या स्त्रिया दिसतात. बायबलमध्ये त्यांना काहीच स्थान नाही. हस्तलिखितातील नरकाच्या चित्रात पैशांच्या थैल्यांनी लादलेला धनिक आणि एक कामासक्त जोडपे यातना भोगत आहेत. लोभ आणि कामवासना या वाढत्या नगरजीवनाशी जोडल्या गेलेल्या पापांना कलाकाराने येथे पुढे आणले. मठाच्या भिंतींआड राहूनही तो बाहेरचे वाद्य ऐकत होता, असा शपिरो यांच्या विवेचनाचा रोख आहे.

दुसरा निबंध फ्रान्समधील सुयाक येथील शिल्पांवर आहे. तेथील मोठ्या उत्थित शिल्पात थिओफिलस या धर्माधिकाऱ्याची कथा आहे. पद गेल्यामुळे तो सैतानाशी लेखी करार करतो, नंतर पश्चात्ताप होऊन कुमारी मरियेची करुणा भाकतो आणि ती करारपत्र परत आणून देते. अशा शिल्पाच्या मध्यभागी ख्रिस्ताची आकृती असावी, ही सर्वसाधारण अपेक्षा. सुयाकमध्ये तो मान सैतान आणि थिओफिलस यांच्या व्यवहाराला मिळाला आहे. शपिरो यांनी या रचनेसाठी विसंगत मेळ या अर्थाची एक संज्ञा वापरली: भागांत संबंध आहे, पण नेहमीची समतोल उतरंड मोडलेली आहे. करार, सेवकत्व, पद आणि त्याचे हरण हे सरंजामी समाजातील सामान्य माणसाच्या ओळखीचे विषय येथे धर्मकथेच्या केंद्रस्थानी येतात, याकडे त्यांनी लक्ष वेधले.

कुमारस्वामी गौरवग्रंथातील निबंध

भारतीय वाचकाच्या दृष्टीने शपिरो यांचा सर्वाधिक लक्षणीय निबंध १९४७ चा आहे. भारतीय कलेचे विख्यात भाष्यकार आनंद कुमारस्वामी यांच्या सत्तराव्या वाढदिवसानिमित्त के. भरत अय्यर यांनी एक गौरवग्रंथ संपादित केला. त्यात शपिरो यांनी रोमनेस्क कलेतील सौंदर्यदृष्टीवर लिहिले. कुमारस्वामींच्या मते पारंपरिक समाजांत, मग ते मध्ययुगीन युरोपातील असोत वा भारतातील, कला ही उपयोगासाठी व तत्त्वज्ञानाच्या प्रतिपादनासाठी असे. केवळ सौंदर्याच्या आनंदासाठी वस्तू पाहणे ही आधुनिकांची विकृती होय, असे ते मानत. त्यांच्याच गौरवग्रंथात शपिरो यांनी नेमका उलट पक्ष मांडला. दोघांची विद्वत्ता पाहता यात अनादर नव्हता. उलट गौरवाचा हा अधिक गंभीर प्रकार म्हणावा लागेल.

शपिरो यांचा मुख्य साक्षीदार प्रतिपक्षाचाच आहे. क्लेर्व्होचे संत बर्नार्ड यांनी बाराव्या शतकात मठांच्या ओवऱ्यांतील विचित्र प्राणिशिल्पांचा कडक शब्दांत निषेध केला होता. भिक्षूंचे चित्त ग्रंथांऐवजी या दगडांत गुंतते, अशी त्यांची तक्रार होती. कलेतिहासकार हे पत्र कलाविरोधाचा दाखला म्हणून देत आले होते. शपिरो यांनी ते शब्दशः वाचले आणि विचारले, की ज्याला या शिल्पांचे काहीच वाटत नव्हते त्याने एका धडाची अनेक डोकी, एका डोक्याची अनेक धडे यांचे इतके नेमके वर्णन कसे केले? शिवाय बर्नार्ड या शिल्पांत कोणताही धार्मिक अर्थ सांगत नाहीत. ती निरर्थक आहेत, हाच त्यांचा आक्षेप आहे. म्हणजे बाराव्या शतकातील एका अत्यंत सुशिक्षित धर्मपुरुषालाही ती प्रतीके वाटली नव्हती. संत कथबर्ट यांच्या थडग्यातील वस्त्रांचे तत्कालीन वर्णन, चर्चच्या भांडारांत जपलेली अरबी कारागिरांची कामे असे इतर दाखलेही त्यांनी दिले. रंगाचा, कौशल्याचा, अद्भुताचा निखळ आनंद घेणारी माणसे मध्ययुगातही होती, हा या पुराव्यांचा निष्कर्ष होता.

याचा अर्थ शपिरो प्रतीकार्थाला गौण मानीत, असा नाही. १९४५ मध्ये त्यांनी मेरोद वेदीचित्रावर लिहिलेला छोटा निबंध प्रतीकशोधाचा नमुना म्हणून आजही शिकवला जातो. पंधराव्या शतकातील या फ्लेमिश चित्राच्या उजव्या फलकात सुतार योसेफ आपल्या कामात मग्न आहे आणि बाकावर व खिडकीत उंदीर पकडण्याचे सापळे आहेत. संत ऑगस्टीन यांनी ख्रिस्ताचा क्रूस म्हणजे सैतानासाठी लावलेला सापळा होय, असे रूपक योजले होते. शपिरो यांनी या दोन गोष्टी जोडल्या. परंतु तेवढ्यावर न थांबता, घरातली इतकी साधी वस्तू धर्मचित्रात येण्याइतके मोल तिला का प्राप्त झाले, हेही विचारले. १९४३ च्या आणखी एका निबंधात त्यांनी सन १००० च्या सुमारास इंग्लंडमध्ये रूढ झालेल्या ख्रिस्ताच्या स्वर्गारोहणाच्या चित्रांचा विचार केला. त्यांत ढगाआड जाणाऱ्या ख्रिस्ताची फक्त पावले दिसतात. खाली उभ्या असलेल्या शिष्यांना जे दिसले असते तेच चित्रकाराने काढले, असे शपिरो यांचे म्हणणे होते.

आधुनिक कला आणि समाज

१९२९ नंतरच्या महामंदीच्या काळात शपिरो मार्क्सवादी विचारांकडे वळले. १९३६ च्या अमेरिकन कलावंत परिषदेत त्यांनी कलेच्या सामाजिक पायावर निबंध वाचला. त्याच वर्षी ‘आर्ट फ्रंट’ मासिकात वंश व राष्ट्र यांच्या आधारे कलेचे गुण ठरवणाऱ्या मतांवर त्यांनी कठोर टीका केली. जर्मनीत त्या वेळी नाझी सत्तेवर होते. पण अमेरिकेतही ‘अस्सल अमेरिकन’ कलेचा आग्रह धरणारे लोक होते आणि शपिरो यांचा रोख त्यांच्याकडेही होता. मॉस्कोतील खटल्यांनंतर स्टालिनवादी राजकारणापासून ते दूर झाले. १९५४ मध्ये सुरू झालेल्या ‘डिसेंट’ या लोकशाही समाजवादी नियतकालिकाच्या संस्थापक संपादकांत त्यांचा समावेश होता.

‘मार्क्सिस्ट क्वार्टर्ली’तील १९३७ चा अमूर्त कलेवरील निबंध हे या काळातील त्यांचे सर्वांत प्रभावी लेखन होय. न्यू यॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयाचे संचालक आल्फ्रेड बार यांनी १९३६ मध्ये घनवाद व अमूर्त कला यांचे मोठे प्रदर्शन भरवले होते. प्रदर्शनाच्या ग्रंथात एका शैलीतून दुसरी शैली कशी निघाली हे दाखवणारा बाणांचा प्रसिद्ध तक्ता आहे. वास्तवचित्रणाचा चित्रकारांना कंटाळा आला, म्हणून ते अमूर्ताकडे वळले, अशी बार यांची उपपत्ती होती. शपिरो यांनी बार यांच्या माहितीचे कौतुक केले, पण कंटाळा हे कारण मान्य केले नाही. कंटाळा नेमका त्याच वेळी आणि त्याच दिशेने का यावा, याचे उत्तर तक्त्यातील बाण देऊ शकत नव्हते.

त्यांचे पर्यायी विवेचन दृक्प्रत्ययवादापासून सुरू होते. मोने, रनवार आदींच्या चित्रांत नौकाविहार, वनभोजने, रुंद रस्ते, उपाहारगृहे, सुट्टीचे दिवस दिसतात. प्रकाशाचा अभ्यास म्हणून ओळखली जाणारी ही चित्रे पॅरिसच्या मध्यमवर्गाच्या मोकळ्या वेळेची चित्रे आहेत, हे शपिरो यांनी ठळकपणे दाखवले. विषय नाहीसा झालेला नसतो. तो कसा निवडला गेला, ते पाहावे लागते. अमूर्त चित्रकारही एका विशिष्ट समाजात जगणारा माणूस असतो आणि यंत्र, नगर, एकाकीपणा यांविषयीची त्याची भावना आकारांच्या निवडीत उतरते. या निबंधातील काही परिच्छेदांपासून टी. जे. क्लार्क यांच्या माने व त्याच्या अनुयायांवरील १९८५ च्या ग्रंथाला मोठी प्रेरणा मिळाली. कलेच्या सामाजिक इतिहासाची एक संपूर्ण शाखा त्यातून फुटली, असे म्हटले तर ते फारसे अतिशयोक्त होणार नाही.

पुढे शपिरो यांच्या मांडणीत व्यक्तीला अधिक वाव मिळाला. १९५७ च्या एका निबंधात त्यांनी असे मांडले, की बहुतेक वस्तू यंत्रावर तयार होण्याच्या आणि बहुतेक माणसे दुसऱ्याच्या हुकमाने काम करण्याच्या युगात, हाताने पूर्ण केलेले चित्र हे स्वेच्छेने केलेल्या श्रमाचे दुर्मीळ उदाहरण ठरते. रंगाचा ओघळ, कुंचल्याचा फटकारा यांना त्यामुळेच मोल आले. व्हॅन गॉग (१९५०) आणि सेझान (१९५२) यांच्यावरील त्यांची पुस्तके सामान्य वाचकांसाठी असून एकेका चित्रावरील लहान टिपणे हे त्यांचे वैशिष्ट्य आहे.

चित्रकारांशी संबंध

शपिरो यांचे चित्रकारांशी घनिष्ठ संबंध होते. १९३६ पासून सुमारे दीड दशक ते न्यू स्कूल या संस्थेत व्याख्याने देत आणि तेथे शहरातील अनेक चित्रकार हजर असत. रॉबर्ट मदरवेल १९४० मध्ये कोलंबियात कलेतिहास शिकण्यास आले. त्यांनी लिहिण्यापेक्षा चित्रे काढावीत, असा सल्ला शपिरो यांनी दिला आणि युरोपातून परागंदा झालेल्या अतिवास्तववादी चित्रकारांशी त्यांची गाठ घालून दिली. अॅड राइनहार्ट, डोनाल्ड जड, अॅलन काप्रो हे कलावंतही त्यांचे विद्यार्थी होत. विलेम डी कूनिंग यांनी ‘वुमन १’ हे चित्र दीर्घ खटाटोपानंतर अर्धवट टाकून दिले होते. शपिरो यांनी स्टुडिओत ते पाहण्यासाठी मागितले व त्यांच्याशी झालेल्या चर्चेनंतर डी कूनिंग यांनी ते १९५२ मध्ये पूर्ण केले. फ्रेंच चित्रकार फेर्नां लेजे यांना न्यू यॉर्कमध्ये आवर्जून काय दाखवावे, या प्रश्नावर शपिरो यांचे उत्तर मॉर्गन ग्रंथालयातील बेआतुस-भाष्याची मध्ययुगीन प्रत हे होते.

फ्रॉइड आणि हायडेगर यांच्याशी वाद

दोन थोर विचारवंतांच्या लेखनातील तथ्ये तपासणारे शपिरो यांचे निबंध कलेतिहासाबाहेरही वाचले जातात. पहिला १९५६ चा. सिग्मंड फ्रॉइड यांनी १९१० मध्ये लिओनार्दो दा विंची यांच्या बालपणाच्या एका आठवणीवरून त्यांच्या मनाचे विश्लेषण केले होते. पाळण्यात असताना एका पक्ष्याने येऊन शेपटीने आपले तोंड उघडले, असे लिओनार्दो यांनी नोंदवले आहे. फ्रॉइड यांनी वापरलेल्या जर्मन भाषांतरात हा पक्षी गिधाड होता. त्यावरून ते गिधाडमुखी इजिप्शियन मातृदेवता मूत हिच्यापर्यंत पोहोचले. मूळ इटालियन शब्दाचा अर्थ मात्र घार असा आहे. ही चूक आधीही कोणी दाखवली होती, परंतु तिचे परिणाम शपिरो यांनी पुरते तपासले. लिओनार्दो पक्ष्यांच्या उड्डाणाचा अभ्यास करीत होते व घारीच्या शेपटीच्या हालचालीत त्यांना विशेष रस होता. भावी थोर पुरुषाच्या मुखाशी लहानपणी एखादा जीव येतो, अशा शुभशकुनाच्या कथा प्राचीन काळापासून प्रचलित होत्या. प्लेटोच्या ओठांवर मधमाश्या बसल्याची कथा त्यांपैकीच. लिओनार्दो यांच्याच एका टिपणात घार ही आपल्या पिल्लांचा हेवा करणारी असल्याचे म्हटले आहे, आणि हे तर प्रेमळ मातेच्या प्रतिमेच्या अगदी विरुद्ध जाते. संत अॅना व मरिया या मायलेकी चित्रात एकाच वयाच्या दिसतात, या फ्रॉइड यांच्या दुसऱ्या आधारासंबंधीही शपिरो यांनी दाखवले, की तसे चित्रण लिओनार्दोपूर्वीच रूढ होते. के. आर. आइसलर यांनी १९६१ मध्ये फ्रॉइड यांच्या बाजूने एक संपूर्ण ग्रंथ लिहून याला उत्तर दिले.

मनोविश्लेषण शपिरो यांना सरसकट त्याज्य नव्हते. १९६८ च्या निबंधात त्यांनी स्वतःच सेझान यांच्या सफरचंदांमागे दडपलेल्या कामभावनेचा शोध घेतला. शाळेत असताना मुलांच्या त्रासापासून आपल्याला वाचवल्याबद्दल एमिल झोला याने सेझानला सफरचंदांची टोपली आणून दिली होती, ही आठवणही त्यांनी त्या संदर्भात विचारात घेतली. स्थिरवस्तुचित्राला विषयच नसतो, केवळ आकार असतात, हा समज त्यांना खोडून काढायचा होता.

याच वर्षी दुसरा वादग्रस्त निबंध प्रसिद्ध झाला. जर्मन तत्त्वज्ञ मार्टिन हायडेगर यांनी कलाकृतीच्या उगमावरील आपल्या विख्यात निबंधात व्हॅन गॉग यांच्या जोड्यांच्या चित्राचा आधार घेतला होता. त्या झिजलेल्या जोड्यांत त्यांना एका शेतकरी स्त्रीचे कष्ट, तिची भूमी आणि तिचे विश्व दिसले. व्हॅन गॉग यांनी जोड्यांची अनेक चित्रे काढली असल्याने शपिरो यांनी हायडेगर यांना पत्र लिहून, यांतील नेमके कोणते, असे विचारले. मार्च १९३० मध्ये अ‍ॅमस्टरडॅमच्या प्रदर्शनात आपण ते पाहिले, असे हायडेगर यांनी कळवले. त्यावरून शपिरो यांनी चित्र निश्चित केले आणि ते जोडे शेतकरी स्त्रीचे नसून शहरात राहणाऱ्या खुद्द चित्रकाराचे आहेत, असे प्रतिपादन केले. बेल्जियमच्या खाणभागात धर्मोपदेशक म्हणून आपण याच जोड्यांनी हिंडलो, असे व्हॅन गॉग यांनी सांगितल्याची गोगँ यांची आठवणही त्यांनी उद्धृत केली. हायडेगर यांनी चित्रात स्वतःचीच माती पाहिली, हा त्यांचा खरा आक्षेप होता. हा निबंध नाझी जर्मनीतून निर्वासित झालेले मज्जाशास्त्रज्ञ कुर्ट गोल्डस्टाइन यांच्या स्मरणार्थ काढलेल्या ग्रंथात आहे. हायडेगर यांचा नाझी पक्षाशी असलेला संबंध पाहता हा संदर्भ किरकोळ नाही. जाक देरिदा यांनी १९७८ मध्ये या दोघांनाही प्रश्न विचारला: जोडे कोणाचे तरी असलेच पाहिजेत, किंबहुना ती एक जोडीच आहे, हे तरी कशावरून?

शैली आणि चिन्ह

‘शैली’ हा १९५३ चा निबंध शपिरो यांनी मानवशास्त्रज्ञांसाठी लिहिला. शैलीच्या उत्पत्तीविषयीचे तत्कालीन सर्व प्रमुख सिद्धान्त त्यांनी एकामागून एक तपासले आणि प्रत्येकातील उणीव दाखवली. स्वतःचा सिद्धान्त मात्र त्यांनी मांडला नाही. काहींना हे निराशाजनक वाटले. परंतु एका सूत्रात इतिहास बसवण्याची त्यांची नाखुशी येथे सुसंगतच दिसते.

१९६९ च्या चिन्हमीमांसेवरील निबंधात त्यांनी अगदी साध्या वाटणाऱ्या गोष्टींचा विचार केला. चित्रासाठी गुळगुळीत केलेली पृष्ठभूमी आणि तिच्याभोवतीची चौकट या मानवाने शोधलेल्या वस्तू आहेत. गुहाचित्रे काढणाऱ्याजवळ त्या नव्हत्या. १९७३ च्या ‘शब्द आणि चित्रे’ या पुस्तकात सन्मुख चेहरा व पार्श्वदर्शी चेहरा यांतील फरक त्यांनी व्याकरणाच्या भाषेत सांगितला. पाहणाऱ्याकडे वळलेला चेहरा ‘मी’ आणि ‘तू’ यांचे नाते जोडतो, तर बाजूने दिसणारा चेहरा ‘तो’ या तृतीय पुरुषात राहतो. अमालेक लोकांशी चाललेल्या लढाईत हात उंचावलेल्या मोशेची मध्ययुगीन चित्रे हे त्यांचे उदाहरण आहे.

ग्रंथ, सन्मान आणि टीका

शपिरो यांनी हयातीत पुस्तके थोडी लिहिली. त्यांचे कार्य निबंधांत व व्याख्यानांत विखुरलेले होते व ते लेखन वर्षानुवर्षे सुधारत राहत. निवडक निबंधांचे खंड १९७७ पासून निघू लागले. पहिला रोमनेस्क कलेवर, दुसरा (१९७८) आधुनिक कलेवर, तिसरा (१९७९) प्राचीन ख्रिस्ती व मध्ययुगीन कलेवर आणि चौथा (१९९४) सिद्धान्तावर आहे. दुसऱ्या खंडाला अमेरिकेतील नॅशनल बुक क्रिटिक्स सर्कल पुरस्कार मिळाला. १९८७ मध्ये त्यांना मॅकआर्थर पाठ्यवृत्ती देण्यात आली. १९७४ मध्ये कोलंबियातील त्यांच्या नावाच्या अध्यासनासाठी बारा कलावंतांनी मुद्राचित्रांचा एक संच तयार करून दिला. जॅस्पर जॉन्स, रॉय लिख्टेनस्टाइन, अँडी वॉरहॉल, फ्रँक स्टेला, सोल लेविट हे त्यांपैकी होत.

त्यांच्या मध्ययुगीन संशोधनावर नंतर आक्षेपही घेतले गेले. सिलोसमधील दोन शैली म्हणजे दोन सामाजिक शक्तींचा संघर्ष, हे समीकरण उपलब्ध पुराव्यात बसत नाही, असे जॉन विल्यम्स यांनी २००३ मध्ये सविस्तर मांडले. नाचणारे-वाजवणारे लोक चित्रात आले म्हणून ते नव्या नगरजीवनाचे प्रतिनिधी ठरत नाहीत, ही शंका रास्त आहे. ओ. के. वेर्कमाइस्टर यांनी मार्क्सवादी भूमिकेतूनच शपिरो यांच्यावर टीका केली. मध्ययुगीन शिल्पकारात त्यांनी आधुनिक बंडखोर कलावंत पाहिला, असा तिचा आशय आहे. हा आक्षेप त्यांच्या पद्धतीच्या मुळाशी जातो, कारण आधुनिक चित्रांनी घडवलेली जी दृष्टी त्यांना म्वासाकच्या दगडात रचना दाखवू शकली, तीच त्यांना तेथे आपल्या काळातील माणूसही दाखवू शकत होती.

हार्वर्ड विद्यापीठात १९६६-६७ मध्ये त्यांनी रोमनेस्क शिल्पावर नॉर्टन व्याख्याने दिली. ती लिंडा सायडल यांच्या संपादनाखाली २००६ मध्ये, म्हणजे शपिरो यांच्या निधनानंतर दहा वर्षांनी, पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाली. दृक्प्रत्ययवादावरील त्यांचा ग्रंथ १९९७ मध्ये आणि ब्रिटिश बेटांतील सचित्र हस्तलिखितांवरील व्याख्याने २००५ मध्ये प्रकाशित झाली.